घुम्यांचं घुमोळं

रविवारी दुपारी नम्रता मटार सोलत बसली होती. तेवढ्यात ऋतिका मोबाइल नाचवत आली आणि म्हणाली, "आई, मामाच्या नव्या गेमचा ट्रेलर आलाय. ते प्राणी बघ ना. सो क्रीपी, पण क्यूटसुद्धा आहेत."

नम्रताला गेममधलं ओ की ठो कळत नाही. धाकटा भाऊ हिंजवडीला गेम बनवायच्या कंपनीत आहे, चांगला पगार घेतो आणि तरीही शर्टाला इस्त्री करत नाही, एवढीच तिची त्या विषयातली माहिती. तरी लेकीचं मन राखायला तिने चष्मा लावला. पडद्यावर एक लांबलचक, गोल गुहा होती. आत अंधार, आणि त्या अंधारात भिंतीला पाठ लावून बसलेले बुटके, बिनडोळ्यांचे जीव. सोललेल्या वालासारखे फिकट. प्रत्येकाच्या हनुवटीखाली काहीतरी निळसर, चिकट चमकत होतं.

"हे घुमे आहेत," नम्रता म्हणाली.

"तुला कसं माहीत? नाव तर अजून आलंच नाहीये."

आणि मग नाव आलं. 'घुम्यांच्या राज्यात.' ऋतिका आईकडे बघत राहिली. नम्रताच्या हातातली शेंग अर्धी उघडून तशीच राहिली होती. तिला आनंद व्हायला हवा होता, आणि क्षणभर झालाही. पण लगेच तिने चष्मा काढून ठेवला.

संध्याकाळी साईनाथचा फोन आलाच.

"ताई, बघितलंस?"

"बघितलं. न विचारता माझे घुमे बाजारात मांडलेस होय रे?"

"म्हणून तर फोन केला. शनिवारी ऑफिसला ये. सगळ्यांच्या आधी तू खेळायचंस. आणि एक जागा अडलीय, ती तुझ्याशिवाय सुटायची नाही."

"नियम तरी नीट ठेवलेस का?"

"सगळे," साईनाथ म्हणाला. "एकही गाळला नाही."

त्या 'सगळे'ने नम्रताची झोप उडवली. कारण घुम्यांच्या नियमांपैकी एक नियम तिने फसवून घुसडला होता. त्याच्यामुळे साईची आईशी शेवटची भेट हुकली, असं ती एकतीस वर्षं मनात धरून होती. साईला हे माहीत आहे की नाही, ते तिला कधी कळलं नव्हतं. विचारायची छाती झाली नव्हती.

एरवी नम्रता छातीला कमी नव्हे. ती घरोघरी जाऊन रक्ताचे नमुने घेते. वारज्यातल्या निम्म्या सोसायट्यांचे वॉचमन तिला ओळखतात. लहान मूल समोर आलं की आई-बाप म्हणतात, "काही होत नाही हं बाळा," आणि नम्रता म्हणते, "होतं. टोचेल. पण लगेच संपेल." आई-बापांना राग येतो. पोरं मात्र मुकाट्याने हात पुढे करतात. लहान मुलाशी आता खोटं बोलायचं नाही, हे तिने फार लवकर ठरवून टाकलं होतं.

त्याचं मूळ वारज्यातच होतं. परभणीकडच्या गावाहून बद्रीनाथ नोकरीसाठी पुण्यात आले, कारखान्यात लागले आणि बायको सुशीला, अकरा वर्षांची नम्रता आणि सहा वर्षांचा साईनाथ यांना घेऊन मुक्ताबाईंच्या दोन खोल्यांत भाड्याने राहू लागले. पुण्यात म्हणायचं आपलं. तेव्हा वारज्यातली माणसं शहरात जायला निघाली की "पुण्याला जाऊन येतो" असंच म्हणायची. मुक्ताबाईंची ज्वारी घराच्या पायरीपर्यंत यायची. आज त्या ज्वारीत बारा मजली तीन इमारती आहेत आणि त्यांतल्या एकीत नम्रता राहते, हप्ते भरत.

तर त्या ज्वारीच्या कडेने, रस्त्याला लागून, पाण्याचे मोठाले पाइप येऊन पडले होते. खडकवासल्याचं पाणी कुठूनसं कुठेतरी न्यायची काहीतरी योजना होती. सरकारी काम, त्यामुळे पाइप आधी आले आणि ते पुरायची आठवण दीड वर्षाने झाली. तेवढ्या दीड वर्षात ते पोरांचे झाले. आत लहान मूल ताठ उभं राहू शकायचं. उन्हाळ्यात बाहेरून हात लावला तर चटका बसायचा, आत मात्र गारवा असायचा आणि गंजाचा ओलसर वास. मुक्ताबाई दिवसातून दहा वेळा ओट्यावरून ओरडायच्या, "पोरंहो, त्या नळकांड्यात इचू-काटा आसंल, भाईर या! म्या काय तुमाला हुडकाया येनार न्हाय, माजं गुडगं गेल्यात!" आणि पाइप त्यांना उत्तर द्यायचा, "…ल्यात… ल्यात…"

घुमे जन्मले ते तिथे. साईने विचारलं, "कोण बोलतंय?" आणि नम्रताने क्षणाचाही विचार न करता सांगितलं, "घुमे."

मग घुम्यांचं सगळंच ठरवणं भाग पडलं. त्यांना डोळे नाहीत, कारण आत बघण्यासारखं काही नाही. त्यांना गुडघे नाहीत, कारण ते बसूनच असतात. ते रस्त्यावरचा आवाज खातात: ट्रकचे भोंगे, मुक्ताबाईंच्या शिव्या, देवळातल्या लाउडस्पीकरवरची आरती. खाताना वाक्याचं शेपूट तेवढं परत टाकतात. पहिला भाग पोटात ठेवतात. तो दिवसभर आत मुरतो आणि दिवेलागणीला हनुवटीखालून पाझरतो. तेच घुमोळं. सुटलेली, तुटलेली, बंद पडलेली कुठलीही गोष्ट घुमोळं लावलं की पुन्हा सुरू होते.

नियम वहीच्या मागच्या पानांवर लिहिलेले होते. आत शिरताना डावा पाय आधी. आत गेल्यावर कुणी बोलायचं नाही, शंभरपर्यंत मनात मोजायचं. (साई एकोणपन्नासला अडखळायचा आणि पुन्हा चाळीसवर यायचा, त्यामुळे त्याचे शंभर फार लांबायचे.) आइस्क्रीमच्या लाकडी चमच्याने खरवडायचं, बोट लावायचं नाही. ज्याने खरवडलं त्याने वापरायचं नाही. वापरायचं ते दुसऱ्याने. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, घुमे आपणहून कधी बोलत नाहीत. ते फक्त आपण म्हटलेल्याचा शेवट परत देतात.

साईच्या दृष्टीने यात खेळ असा काही नव्हताच. पाइपाच्या आत, हात पुरेल अशा उंचीवर, त्याला खरोखरच निळसर चिकट घुमोळं सापडायचं. कारण तो शाळेतून यायच्या आत नम्रता ते तिथे लावून ठेवायची. बाभळीचा डिंक पाण्यात मऊ करायचा, त्यात आईची कपड्यांची नीळ चिमूटभर आणि लग्नपत्रिकेवरून खरवडलेली चमकी. खरवडलेलं घुमोळं मलमाच्या चपट्या डबीत मावायचं. साईने ते मोठ्या श्रद्धेने तुटलेल्या चपलेला लावलं की रात्रीत नम्रता ती चप्पल लपवायची आणि दुसऱ्या दिवशी नाक्यावरच्या चांभाराकडून शिवून आणायची. बॅटरीला लावलं तेव्हा तिने रेडिओतले सेल काढून बॅटरीत घातले. बद्रीनाथांना पुढे महिनाभर कोडं पडलं होतं, की नवे सेल इतक्या लवकर कसे मरतात. सुशीलाबाईंना सगळं ठाऊक होतं. नीळ कुठे जाते हे बाईमाणसाला कळणार नाही का? पण त्या काही बोलल्या नाहीत; निळीची पुडी मात्र खालच्या फळीवर ठेवू लागल्या, नम्रताचा हात पोचावा म्हणून.

त्या दिवाळीनंतर सुशीलाबाईंना कावीळ झाली. आधी मुक्ताबाईंच्या ओळखीच्या कुणाकडून औषध आणलं, मग पथ्य झालं, मग पुण्यातल्या मोठ्या दवाखान्यात न्यावं लागलं. तीन आठवडे झाले. बद्रीनाथ पाळी संपली की दवाखान्यात जायचे आणि रात्री उशिरा येऊन न बोलता भात खायचे. एकदा ओट्यावर मुक्ताबाई त्यांना म्हणाल्या, "आता देवावर भार टाका भाऊ." नम्रता दाराआड उभी होती. तिने ते ऐकलं.

शनिवारी बद्रीनाथ म्हणाले, उद्या दोघांना आईला भेटायला नेतो. साईने लगेच ताईचा हात धरून तिला बाहेर ओढलं.

"तू खरवड, मी लावीन. आईच्या पोटाला. पोटातच दुखतंय ना तिला?"

नम्रताने त्याच्याकडे बघितलं. चप्पल शिवून आणता येते. सेल बदलता येतात. उद्या हा आईच्या पोटाला डिंक लावील आणि परवा विचारील, आई घरी कधी येणार. तेरवा पुन्हा विचारील. अकरा वर्षांच्या मुलीला जेवढं सुचायचं तेवढंच सुचलं. ती म्हणाली, "आधी घुम्यांना विचारायला पाहिजे. तू आत जाऊन बस, शंभर मोज."

साई डावा पाय आधी टाकून आत गेला. नम्रता ज्वारीतून वाकून पळत पाइपाच्या दुसऱ्या टोकाला गेली, तोंड आत घातलं आणि जमेल तेवढा जाड आवाज काढून म्हणाली, "घुमोळं माणसांना चालत नाही."

पाइप म्हणाला, "…नाही… नाही…"

साई बाहेर आला. रडला नाही. "ते नाही म्हणाले," एवढंच बोलला, आणि डबी तिच्या हातात देऊन टाकली.

दुसऱ्या दिवशी सकाळी बद्रीनाथ त्याला स्वेटर घालू लागले तेव्हा त्याने खाटेचा पाय दोन्ही हातांनी धरला. मी येत नाही. बापाने समजावलं, ओढलं, एक धपाटा घातला. खाट सरकली, पण साई सुटला नाही. शेवटी त्याला मुक्ताबाईंकडे ठेवून बद्रीनाथ एकट्या नम्रताला घेऊन गेले. बुधवारी सुशीलाबाई गेल्या. त्यांना घरी आणलं तेव्हा मुक्ताबाईंनी साईला माडीवर नेऊन बाहेरून कडी लावली होती. लेकराने बघू नये म्हणून. लोक चांगल्याच भावनेने काय काय करतात.

उन्हाळ्यात पाइप पुरले गेले, वरून रस्ता झाला. घुम्यांचं नाव पुन्हा कुणी काढलं नाही. नम्रताने साईला वाढवलं, त्याचे डबे केले, अभ्यास घेतले, इंजिनिअरिंगला गेला तेव्हा पेढे वाटले. वडील दोन वर्षांपूर्वी गेले तेव्हा दोघं शेजारी बसून रडली. पण त्या शनिवारबद्दल आणि त्या रविवारबद्दल दोघांनी कधी चकार शब्द काढला नाही. रोज सकाळी नम्रता स्कूटरवरून त्याच रस्त्याने जाते आणि खालून पाणी वाहत असतं.

आणि आता हा म्हणतो, सगळे नियम ठेवलेत.

शनिवारी ती निघाली तेव्हा तिने पक्कं ठरवलं होतं, की आधी सांगायचं आणि मग खेळायचं. वाक्यसुद्धा तयार होतं. 'साई, तो आवाज माझा होता.' सोपं वाक्य होतं. हिंजवडीच्या चौकात ते तिने चाळीस वेळा म्हणून पाहिलं, कारण तिथे दुसरं करण्यासारखं काही नव्हतं. सुट्टीच्या दिवशीही गाड्या अशा खिळून उभ्या होत्या, की शेजारच्या मोटारीतल्या बाईने तेवढ्यात अख्खं संत्रं सोलून खाल्लं.

ऑफिस रिकामं होतं. साईनाथ खालपर्यंत घ्यायला आला. सदतीस वर्षांचा, कानशिलांवर पांढरे केस, शर्ट चुरगळलेला. "चहा घेणार?" त्याने विचारलं, आणि लगेच म्हणाला, "ताई, आधी खेळू या, नाहीतर माझं धाडस होणार नाही." आणि तिचं वाक्य राहून गेलं.

तिच्या हातात त्याने दोन्ही अंगठ्यांनी चालवायचा तो कंट्रोलर दिला, दुसरा स्वतः घेतला. पडद्यावर एक मुलगी होती आणि एक लहान मुलगा. मुलगी नम्रताची. पहिल्या पाच मिनिटांत नम्रताने तिला नऊ वेळा डबक्यात पाडलं.

"हे डबकं काढून टाक ना."

"सगळे एकदाच पडतात, ताई."

"आणि हे घुमे उठून चालतात कसे? माझ्या घुम्यांना गुडघे नव्हते."

"ॲनिमेशनवाल्यांना गुडघे लागतात. त्याच्यावरून दोन महिने भांडलो मी."

मग तिचा हात बसला. गुहेत शिरायचं ते डावा पाय टाकूनच. उजवा टाकला तर दार उघडत नव्हतं. मुलगी लाकडी चमच्याने खरवडायची, डबी मुलाकडे द्यायची, मुलगा लावायचा. एकट्याने हा खेळ खेळताच येत नव्हता. साईने तसा केलाच नव्हता. घुमोळं लावलं की तुटलेला पूल जोडला जात होता, विहिरीचा रहाट फिरू लागत होता, आटलेला ओढा वाहू लागत होता. रंग अगदी तोच होता, निळीचा, आणि आत चमकीसुद्धा. नम्रता हसत होती. तिला वहीची पानं आठवली, गंजाचा वास आठवला, खालच्या फळीवरची पुडी आठवली. इतक्या वर्षांत आपल्याला कुणी काही परत दिलं असेल तर ते हे, असं तिला वाटलं. आपण सांगायचं ठरवून आलो होतो, हेसुद्धा ती थोडा वेळ विसरली.

शेवटच्या गुहेत मुलगा एकटाच आत गेला. अंधार झाला. आणि कुठूनतरी लांबून आवाज आला, "घुमोळं माणसांना चालत नाही."

नम्रताचे अंगठे थांबले. आवाज एका लहान मुलीचा होता. जाड करून काढलेला, आणि शेवटी थोडा कापलेला.

"हा कुणाचा आवाज आहे?"

"आमच्या इथल्या एकीच्या मुलीचा," साईनाथ पडद्याकडेच बघत म्हणाला. "अकरा वर्षांची आहे. तिला म्हटलं, मोठ्या माणसाचा आवाज काढ."

नम्रताचं तयार वाक्य आता कामाचं नव्हतं.

"तुला माहीत होतं."

"हो."

"कधीपासून?"

"तेव्हापासूनच. ताई, घुमे आपणहून कधी बोलत नाहीत. नियम तूच केला होतास. आपण बोललो तर शेवट परत देतात. आणि मी तर आत तोंड मिटून मोजत बसलो होतो. मग अख्खं वाक्य आलं कुठून?"

नम्रताला हसू आलं आणि त्याच्याबरोबर रडूही आलं. सगळे नियम तिने केले, ते वर्षभर काटेकोर पाळले आणि नेमक्या त्या संध्याकाळी स्वतःच एक मोडला. सहा वर्षांच्या पोराने ते तिथल्या तिथे पकडलं होतं.

"मग तू आला का नाहीस?" ती म्हणाली. "मला वाटलं, त्या नियमामुळे. मला वाटलं, घुमोळं चालत नाही म्हणून तू म्हणालास, की मग मी कशाला येऊ. साई, मी एकतीस वर्षं हेच धरून बसलेय, की माझ्यामुळे तुझी आई तुला दिसली नाही."

साईनाथने कंट्रोलर खाली ठेवला.

"तुझ्यामुळे नाही. मला एवढंच कळलं, की ताई खोटं बोलतेय. माझ्याशी तू कधी खोटं बोलायची नाहीस." डिंकाची आणि सेलांची अजूनही त्याला कल्पना नसावी, किंवा त्याच्या हिशेबी ते खोट्यात जमा नसावं. "मला वाटलं, ताईला खोटं बोलावं लागतंय, म्हणजे आई बरी होणार नाही. मला तिला बघायची भीती वाटली. म्हणून खाट धरली. मी घाबरलो गं. आई वाट बघत असेल हे माहीत होतं, तरी आलो नाही."

"सहा वर्षांचा होतास तू."

"आणि तू अकराची."

साईनाथने उठून तिला पाणी आणून दिलं. मग पुन्हा शेजारी बसला आणि खेळ पुढे सुरू केला.

मुलगा गुहेतून बाहेर आला. हातात डबी होती. नम्रताला वाटलं, आता तो ती टाकून देईल. पण त्याने डबी खिशात घातली आणि चालू लागला, शेतातून, रस्त्यावरून, एका मोठ्या इमारतीत. खिडकीजवळ खाट होती. खाटेवर बाई होती, पाठमोरी. मुलगा खाटेपाशी जाऊन उभा राहिला. खाली बोलण्याची चौकट उघडली आणि चौकट रिकामी होती.

"इथे अडलंय," साईनाथ म्हणाला. "तीन वर्षं झाली. घुमोळ्याने ती बरी होत नाही. तो नियम मी बदलला नाही, बदलून बघितला तर सगळं खोटं वाटायला लागलं. पण डबी घेऊन जायचं. गेल्याशिवाय खेळ संपत नाही. पण गेल्यावर ती काय बोलते, ते मला माहीत नाही. टीममधली पोरं म्हणतात, काहीतरी लिही, बाळा मोठा हो, सुखी राहा. आपली आई असं बोलायची नाही." तो थांबला. "त्या रविवारी तू गेली होतीस. आई काय म्हणाली, ताई?"

हे त्याने कधी विचारलं नव्हतं, आणि तिनेही कधी सांगितलं नव्हतं. सांगायचं तर आधी आपलं आणखी एक खोटं सांगावं लागलं असतं, म्हणून.

"तिचे डोळे पिवळे झाले होते," नम्रता म्हणाली. "हात फार बारीक झाले होते. मला बघितल्यावर हसली. मग माझ्या मागे दाराकडे बघत राहिली. बराच वेळ. मग म्हणाली, साई कामून नाही आला? बाबा काहीतरी सांगणार होते. मला वाटलं, हे आता सांगून टाकतील की तो येत नाही म्हणाला. मग मीच मध्ये बोलले, झोपलाय. उठलाच नाही."

"मग?"

नम्रताने डोळे पुसले. पाण्याचा पेला टेबलावर ठेवला.

"मग ती म्हणाली, झोपू दे. लेकराला कामून उठवायचं. मी येतेच की घरी."

साईनाथने कीबोर्ड ओढून घेतला आणि ते जसंच्या तसं लिहिलं, एका बोटाने, सावकाश. मुलाला त्याने पुन्हा इमारतीच्या बाहेर आणून उभं केलं आणि तिथून निघाला. पायऱ्या, लांब बोळ, दार, खिडकीजवळची खाट. नम्रताने त्याच्या पाठीवर हात ठेवला. चौकट उघडली, अक्षरं एकेक करून उमटली, आणि ती पुरी होईपर्यंत साईनाथने बटणावरचं बोट हलवलं नाही.

"जाऊन आलो, ताई," तो म्हणाला.